शेवटची टोपली

उमरेड रस्त्याला आमची विणकरांची वस्ती होती. ती कोणत्याच ग्रामपंचायतीत नव्हती, पण तिचा एक नियम पक्का होता. वस्ती सोडणाऱ्याने मागाचा खड्डा, म्हणजे विणताना पाय सोडून बसायची जागा, मातीने बुजवायचा. शेवटची टोपली मात्र शेजाऱ्याने टाकायची.

१९७४ साली सगळ्यात शेवटी मी निघालो. शेजारी उरलाच नव्हता. ती टोपलीही मीच टाकली, माती चोपली आणि नागपूरला गिरणीत लागलो. असल्या गोष्टींना मी कधीच भ्यालो नाही.

दिवाळीत बायकोला घेऊन घर बघायला गेलो. बुजवलेल्या जागी माती दोन ठिकाणी खचली होती, बरोबर पावलांएवढी.

"अवो, यात शेजाऱ्याच्या हातची माती नाही. चला इथून," चंद्रकला दारातूनच म्हणाली.

"काहून वं? छपरातून पाणी गळलं, माती बसली." मी हसत चपला काढल्या आणि त्या खळग्यांत उभा राहिलो. "बघ, माह्याच मापाचे हायेत."

माती उबदार होती. खालून दोन तळपाय माझ्या तळपायांना येऊन टेकले. माग चालवताना होतं तसं एक पाऊल वर आलं, दुसरं खाली गेलं.

आणि माझे पाय, मला न विचारता, त्यांच्याबरोबर चालू लागले.