स्फोटानंतरचं गाणं

दुष्काळाच्या साली युसूफ वडगाव या गावी सोसायटीच्या अंगणात संगीत नाटक झालं, अणुबॉम्ब बनवणाऱ्या शास्त्रज्ञांवरचं. मुख्य शास्त्रज्ञ झाला होता सुग्रीव. गावात बोअरचं मशीन पहिल्यांदा त्यानंच आणलं. पाणी लागलं तेव्हा लोकांनी त्याला खांद्यावर घेऊन मिरवलं होतं. मग शिवारभर बोअर झाले आणि विहिरी एकेक करून आटल्या.

स्फोटानंतरचं गाणं आलं. "हे माझ्या हातून झालं," एवढंच गाऊन सुग्रीव थांबला. पेटीवाला तोच सूर धरून राहिला.

सगळ्यांत आधी जिची विहीर आटली, ती म्हातारी मुक्ताबाई पुढं बसली होती. ती हळूच उठून उभी राहिली.

"गा, सुग्रीवा," ती म्हणाली, "आमी समदे ऐकायलोत."