नवसाचा दिवा

लेक कचरू पिराच्या नवसाचा, म्हणून साळूबाई दर गुरुवारी गावाबाहेरच्या दर्ग्यात दिवा लावायची. निजामाचं राज्य पडलं आणि रझाकारांचं उट्टं गावानं शेजारच्याच गरीब मुसलमानांवर काढलं. तरी तिनं गुरुवार चुकवला नाही. आज वात पेटली, तशी कबरीमागं मुजावराची बायको चांदबी दिसली, लेकरं पोटाशी धरून बसलेली. तेवढ्यात पांदीतून पलिते येऊ लागले. "माय, जल्दी विझव दिवा!" चांदबी कुजबुजली. "उजेडात आम्ही दिसून राह्यलो." पिराचा दिवा आपण विझवला की नवसाचं लेकरू हातचं जातं, हे साळूबाईला पक्कं ठाऊक होतं. तिनं चांदबीच्या लेकरांकडं पाहिलं, डोळे मिटले आणि ज्योतीवर तळहात दाबला. दर्ग्यावरून पुढं चाललेले पलिते थबकले. बाहेरून कचरूचाच आवाज आला, "माझी माय पिराचा दिवा कधीच विझवत न्हाई. आत दुसरंच कुणीतरी हाय."