घाईचा टोल

टोलनाक्यावर गाडीचा पडदा उजळला. 'चालकाची नाडी १३२. घाई फार. टोल नऊ हजार चारशे. टोल कमी करण्यासाठी शांत व्हा.'

"शांत व्हा म्हणे! माझ्या पोराला विंचू चावलाय!" आईने स्टीअरिंगवर मूठ आपटली, तसा आकडा दहा हजारांवर गेला. खात्यात जेमतेम साडेतीन हजार होते आणि दवाखाना टोलपलीकडे. मागच्या सीटवर ओजस घामाने भिजून थरथरत होता.

त्याची ताई शर्वरी उतरून मागच्या ट्रककडे धावली. "काका, आमची गाडी तेवढी पलीकडे काढून द्या ना!"

या रस्त्यावर सगळे असंच शांत माणूस शोधायचे.

"चल की! माझी नाडी म्हणजे रवंथ करणारी म्हैस," ट्रकवाले काका हसत आले. आई बाजूला सरकली. त्यांनी स्टीअरिंग धरताच टोल एकशेऐंशीवर उतरला.

मग त्यांनी मागे वळून ओजसकडे पाहिलं. आकडा भराभर अकरा हजारांवर चढला.

"काका, मागे बघायचं नव्हतं!" शर्वरी किंचाळली.

"म्हणजे न बघणाऱ्यालाच स्वस्त होय?" काका संतापाने लाल झाले. "पट्टे लावा गं!"

आणि त्यांनी गाडी सरळ आडव्या दांड्यावर घातली.