तिसऱ्या शिडीवरचा शिपाई

"तो बघ रे बाबा, तिसऱ्या शिडीवरचा. तो माझा मुलगा!" मुझेय्यन मावशी शेजारच्या खुर्चीकडे झुकून कुजबुजली.

तिथल्या तरुणानं चमकून तिच्याकडे पाहिलं. पडद्यावर सुलतानाची फौज इस्तंबूलच्या तटाला भिडली होती. बुर्सातलं ते थिएटर टाळ्यांनी दणाणत होतं. शिपाई वर पोचता पोचता बाण लागून कोसळला. मावशीनं डोक्यावरच्या रुमालाचं टोक डोळ्यांना लावलं.

"नाव काय त्याचं?" तरुणानं विचारलं.

"तुर्गुत," ती जरा थांबून म्हणाली.

सिनेमा लागल्यापासून सगळं गाव वेडं झालं होतं. पोरं लाकडी तलवारी घेऊन जिने सर करत होती. न्हाव्याकडे जो तो सुलतानासारखी दाढी कोरून मागत होता. नवरा गेल्यापासून मावशीशी बोलायला कुणाला सवड नव्हती. मग एकदा पाव घेताना ती बोलून गेली, की पोरगा या सिनेमात आहे. दुसऱ्या दिवशी बेकरीवाला रेजाई चक्क उठून उभा राहिला.

"या, शिपायाच्या आई! कधी आणताय आमच्या वाघाला? का तटावरच मुक्काम ठोकलाय त्यानं?"

शेजारणी चहाला बोलवू लागल्या. येत्या ईदला मुलाला आणाच, असा गल्लीनं हट्ट धरला. मावशी रोज दुपारी एकटी येऊन सिनेमा बघू लागली.

खेळ सुटल्यावर त्या तरुणानं तिला समोरच्या टपरीवर चहा पाजला.

"ईदला येणार का मग तुर्गुत?"

"कसला येतोय!"

"फोन तरी करतो?"

मावशीनं नकारार्थी मान हलवली.

"रुसलाय का तुमच्यावर?"

"रुसायला तरी..." ती बोलता बोलता थांबली. चहाच्या इवल्याशा पेल्यात साखर ढवळत राहिली. "सिनेमात तेवढा दिसतो. तेवढंच."

तरुण खाली बघत हळूच म्हणाला,

"मावशी, त्या शिडीवरून पडलो तेव्हा माझा खांदा निखळला होता. कितीतरी दिवस दवाखान्यात होतो, पण बघायला कुणी आलं नाही. तुम्हाला कळलं असतं, तर तुम्ही आला असतात ना?"