मोहरी आणि विजय

बेसबॉल मैदानाच्या कडेला, चेंडू टाकणारे गडी जिथे पाळीची वाट बघतात त्या बुलपेनच्या बाकावर सहा राखीव पिचर, सूर्यफुलाच्या बियांची अडीच पाकिटं आणि भिंतीवर एक फोन होता. त्यांतल्या ऑर्व्हिलचा हा शेवटचा सामना. चौदा वर्षांत त्याच्या नावावर एकही विजय नव्हता, आणि आज तरी एक बघायला मिळेल म्हणून त्याची आई तीनशे मैल गाडी हाकत आली होती.

नवव्या, शेवटच्या डावात, बरोबरी असताना, फोन वाजला.

"ऊठ म्हाताऱ्या," कोच म्हणाला. "दोन बाद आहेत. एवढा तिसरा, शेवटचा गडी काढ."

ऑर्व्हिल मैदानात आला. समोर बॅटवाला तयार होता, पण पहिल्या बेसवरचा, म्हणजे धावेच्या पहिल्या टप्प्यावरचा, धावपटू चोरपावलांनी फारच पुढे सरकला होता. ऑर्व्हिल गर्रकन वळला आणि त्याने चेंडू तिकडच्या आपल्या गड्याकडे फेकला; त्याने तो परतायच्या आत धावपटूला टेकवला. धावपटू बाद, समोरच्यांची पाळी खलास. मग त्याच्या संघाची पाळी आली, एक धाव निघाली, सामना खिशात. नियमाप्रमाणे विजय लागला तो शेवटच्या पिचरच्या नावावर.

आई कुंपणापाशी आली तेव्हा तिच्या हनुवटीला मोहरीची चटणी लागली होती.

"चौदा वर्षं डोळे फाडून बघितलं, आणि नेमका आजच हॉटडॉग पडला. तो उचलायला वाकले, तर तू परत निघालेला. किती चेंडू हुकले रे माझे?"

ऑर्व्हिलने गुणलेखकाचा कागद तिच्यापुढे धरला.

बॅटवाल्यांना टाकलेले चेंडू: शून्य. विजय: एक.