आर्ची लेडलॉला कोणी मारलं

खानावळीचं दार उचकटून त्यावर आर्ची लेडलॉला मैदानातून आणलं, पण खानावळीत पोचेपर्यंत तो गेला होता. डॉक्टर वॉल्टर शीलने त्याचे डोळे मिटवले. शीलच्या अंगात अजून चिखलाने माखलेली रग्बीची जर्सी होती. वरच्या गावच्या संघातला तो सगळ्यात दांडगा गडी. एडिंबराहून सर्जन होऊन आल्याला त्याला वर्षही झालं नव्हतं.

सामना तिथेच थांबला होता. वरच्या गावचं नि खालच्या गावचं हाडवैर, पण आज दोन्हीकडचे लोक बाहेर टोप्या काढून एकत्र उभे होते.

आर्चीचा धाकटा भाऊ डँड भिंतीला टेकून उभा होता.

“डॉक्टर, तो पडला तसा मी धावलो. बगलेत हात घालून त्याला उभा केला. म्हटलं, ऊठ की लेका, आई बघतेय!” त्याला हुंदका आवरेना. “तुम्ही ओरडलात, हलवू नको म्हणून. मला वाटलं, तो उठायला नकोच आहे तुम्हांला. तुम्ही पडलात वरच्या गावचे!”

आता यात डँडला काय दोष द्यायचा? ट्वीड नदीच्या काठी पडलेल्याला लोळू देत नाहीत. घराण्याची नाचक्की होते. इथल्या कुठल्याही भावाने तेच केलं असतं.

“मी उचललं नसतं, तर वाचला असता का हो तो?”

शीलने सगळं पाहिलं होतं. त्याच्या धडकेने आर्ची कोसळला खरा, पण खाली पडून तो पाय झाडत होता, शीलला शिव्याही देत होता. डँडने उचललं, मान मागे लटकली आणि पाय थांबले. आणि समोर हे विशीतलं पोर उभं होतं. त्याला उद्यापासून रोज आईसमोर जेवायला बसायचं होतं.

“नाही,” शील म्हणाला. “मान माझ्या धडकेतच मोडली होती. तू उचललंस काय नि न उचललंस काय.”

“खरं?”

“सर्जन आहे मी. मला कळतं.”

डँड ढसाढसा रडला. मग डोळे पुसून त्याने शीलकडे पाहिलं.

“मग हात काढा तुमचा. माझ्या भावाला शिवू नका.”

शील बाजूला झाला.

एवढ्यात आर्चीच्या आई, लेडलॉबाई आत आल्या. अंगावर गिरणीतली शाल, चालणं सावकाश. त्यांनी आर्चीच्या कपाळावर हात ठेवला, बराच वेळ ठेवला.

“कोणी केलं हे?”

डँडने बोट दाखवलं.

“मी, बाई,” शील म्हणाला.

म्हातारीने डँडला ओढून पोटाशी धरलं, आणि त्याच्या डोक्यावरून शीलकडे पाहत म्हणाली,

“आणि तू म्हणे डॉक्टर!”