त्याच कापडाचा धागा

मी रफू केलं की भोक कधी पडलंच नव्हतं, असं होतं. फक्त धागा त्याच कापडाचा लागतो.

ती बाई थोरल्या मुलाचा शर्ट घेऊन आली. छातीवर भोक होतं, कडेला रक्त वाळलेलं. थोरला जाऊन तीन दिवस झाले होते.

“शिवणीत काढण्याजोगा धागाच नाही,” मी म्हणाले. “मेल्या शिंप्याने कापड वाचवलंय.”

“धाकट्याचा शर्ट याच कापडाचा आहे, ताई.” तिने तो पिशवीतून काढला.

“नीट विचार कर.”

“शर्टच तर आहे हो. त्याला दुसरा शिवेन.”

शनिवारी ती थोरल्याला घेऊनच आली. रफू कुठे केलंय, तिला सापडेना. मी धाकट्याचा विरलेला शर्ट पुढे केला.

“हा कुणाचा? मला हा एकच मुलगा.”

ती गेल्यावर मी तो ट्रंकेत टाकायला गेले. तिथे असे बरेच कपडे आहेत. अगदी तळाशी एक छोटा फ्रॉक निघाला, धागे काढून काढून जाळी झालेला.

“हा कुणाचा गं?” नवऱ्याने विचारलं.

“गिऱ्हाईक विसरलं असेल. आपल्याला कुठे मूलबाळ?”

तो हसला. त्याच्या अंगातला शर्ट त्याच कापडाचा होता.